परगावचे वऱ्हाड आणि लग्नाचा जमाखर्च

(ज्ञातिसंस्थेच्या वार्षिक स्नेहसंमेलनात दिलेले भाषण)



आपल्या कार्यकारी मंडळाने या वर्षी आम्हांस 'काटकसरीचा विवाह' या विषयावर चार शब्द बोलण्याची आज्ञा केली आहे. विषय नवा नाही. ज्ञातीच्या संमेलनात कोणी ना कोणी त्यावर बोलतो, श्रोते माना डोलावतात आणि पुढच्या वैशाखात मांडव आणखी दोन हात रुंद होतो. यास्तव सर्वसाधारण उपदेश करून आपला वेळ घेण्याऐवजी आम्ही या विषयाचा एकच कोपरा धरणार आहोत. ज्या लग्नाला पाहुण्यांना दूरचा प्रवास करून यावे लागते, त्या लग्नाचा जमाखर्च कसा मांडावा, एवढेच आज सांगण्याचा विचार आहे. आम्ही आयुष्यभर मुलांना अंकगणित शिकविले. तेव्हा हिशेबाच्या वाटेने जाणेच आम्हांस सोयीचे.

हा प्रश्न आपल्या ज्ञातीला विशेषेकरून लागू आहे. आपली मूळ घरे रत्नागिरी-सिंधुदुर्गात आणि मिळवती माणसे मुंबई, ठाणे, पुण्यात. लग्न गावी काढले तर अर्धे आप्त मुंबईहून येणार. मुंबईत काढले तर उरलेले अर्धे गावाहून जाणार. आमच्या वडिलांच्या पिढीतही हीच स्थिती होती. त्या काळी माणसे आगबोटीने बंदराला लागत, पडावातून किनाऱ्याला उतरत आणि पुढे बैलगाडीने किंवा पायी गाव गाठत. पण एकदा आलेला पाहुणा आठ-आठ दिवस राहत असे. तो मांडव घालू लागे, त्याची बायको पापड-कुरडयांना बसे, मुले आंब्याखाली खेळत. एका प्रवासात लग्न, विश्रांती आणि गावची कामे सर्व होऊन जात. २६ जानेवारी १९९८ पासून कोकण रेल्वेचा संपूर्ण मार्ग सुरू झाला आणि अंतर एका रात्रीवर आले. सोय मोठी झाली, यात शंका नाही. परंतु पाहुणा आता आठ दिवसांचा राहिला नाही. तो दीड दिवसाचा झाला. भाडे मात्र त्याला पूर्णच पडते.

आता हिशेब मांडू. लग्नाचा खर्च किती, असे विचारले की यजमान मांडव, जेवण, दागिने, कपडे, वाजंत्री यांची बेरीज सांगतो. आमच्या मते ही बेरीज अर्धीच असते. समजा, मुंबईचे चार माणसांचे एक कुटुंब लग्नाला निघाले. जाण्यायेण्याचे भाडे माणशी बाराशे रुपये धरले तर ४,८०० झाले. स्थानकावरून गावापर्यंत आणि परत रिक्षाचे ८००. आहेराचे १,०००. घरचा कर्ता रोजावर किंवा कंत्राटावर कामाला असेल तर दोन दिवसांची बुडालेली मजुरी १,६००. एकूण ८,२०० रुपये. नवे कपडे आम्ही धरलेच नाहीत. अशी चाळीस कुटुंबे आली तर ३,२८,००० रुपये होतात. ही रक्कम यजमानाच्या वहीत कोठेही दिसत नाही. परंतु ती त्याच्याच लग्नापायी, त्याच्याच आप्तांच्या खिशांतून गेलेली असते. तात्पर्य, परगावच्या लग्नाला दोन थैल्या लागतात, एक यजमानाची आणि दुसरी पाहुण्यांची. जो केवळ आपली थैली सांभाळतो आणि पाहुण्याची मोकळी करतो, त्याची ती काटकसर नव्हे. त्याने आपला खर्च दुसऱ्याच्या नावावर टाकला, एवढेच.

आपण म्हणाल, पाहुणा आपखुशीने येतो, त्याचा हिशेब यजमानाने का ठेवावा? याचे उत्तर आम्ही एका घडलेल्या गोष्टीने देतो. नावे सांगत नाही. एका लग्नात नवरीला बोहल्याकडे आणण्याची वेळ झाली. हा मान मामाचा. मामा मुंबईस पहारेकऱ्याचे काम करीत. आदल्या दिवशी त्यांचा निरोप आला, 'ताप भरला आहे, येता येत नाही.' चुलत मामाने मुलीचा हात धरला, लग्न यथासांग पार पडले. पुढे दोन महिन्यांनी उमगले की ताप वगैरे काही नव्हता. सुट्टी बिनपगारी होती, चौघांच्या भाड्याची सोय झाली नव्हती. आणि मामा म्हटल्यावर भाचीला काही घातल्यावाचून मांडवात उभे कसे राहावे, हा संकोच सर्वांत मोठा होता. त्या लग्नात मांडवाच्या फुलांवर झालेल्या खर्चात मामाचे कुटुंब दोनदा येऊन गेले असते. नवरीची आई आजही लग्नाची छायाचित्रे पाहताना ते एक पान भराभर उलटते.

बंधुभगिनींनो, अशी माणसे प्रत्येक लग्नात असतात. ती रुसलेली नसतात. त्यांना परवडत नसते. न येण्याचे खरे कारण ती कधीच सांगत नाहीत. मग एका लग्नाला न आलेला दुसऱ्याला बोलावला जात नाही आणि दोन पिढ्यांत नाते संपते. यास्तव आमचे पहिले सांगणे हे की पाहुण्यांची यादी करताना मोठ्या माणसांपासून आरंभ करू नये. ज्यांच्यावाचून लग्न लग्न वाटणार नाही, पण ज्यांना येणे जड जाईल, अशांची नावे प्रथम लिहावी आणि त्यांच्या येण्याची तजवीज अर्थसंकल्पात पहिल्या रकान्यात मांडावी. त्यांना पैसे देऊ करू नयेत. त्याने मन दुखावते. तिकीट काढूनच पाठवावे आणि सांगावे, 'दोन दिवस आधी या, घरात हक्काचे माणूस हवे आहे.' कामासाठी बोलावलेल्या माणसाला उपकाराचे ओझे वाटत नाही. आणि लग्नघरी काम तर असतेच.

दुसरा प्रश्न स्थळाचा. लग्न गावी करावे की मुंबईस? कोणी म्हणतो, मुंबईचे सभागृह महाग, गावचे अंगण फुकट. कोणी म्हणतो, गावी सामान वाहण्यातच फुकटेपणा संपतो. दोन्ही खरे. आमचा नियम निराळा आहे. ज्यांना प्रवास झेपत नाही त्यांच्या दारी लग्न न्यावे आणि ज्यांना झेपतो त्यांनी जावे. घरातील आजी-आजोबा, आजारी माणसे, गुरेढोरे सोडून न निघू शकणारे शेतकरी गावी असतील तर लग्न गावीच बरे. उलट वृद्ध मंडळी मुंबईत मुलांकडे येऊन राहिली असतील आणि गावचे घर कुलूपबंद असेल, तर केवळ 'मूळ गावी केले' म्हणण्याच्या हौसेसाठी दीडशे माणसांना फरफटविण्यात अर्थ नाही.

तिसरा प्रश्न तिथीचा, आणि खरी बचत येथेच आहे. तुळशीचे लग्न झाले की मुहूर्त सुरू होतात. फेब्रुवारी-मार्चमध्ये दहावी-बारावीच्या परीक्षा असतात; ज्या घरात परीक्षार्थी आहे ते घर तेव्हा हलत नाही, आणि हलू नये. राहता राहिले दोन काळ. एक मे महिना. तेव्हा चाकरमानी मंडळी मुलांच्या सुट्टीत अशीही गावी येतात. लग्न त्याच दिवसांत बसविले तर त्यांना वेगळे भाडे पडत नाही. जो प्रवास व्हायचाच होता त्यात लग्न होऊन जाते. दुसरा काळ कार्तिक पौर्णिमेनंतरच्या जत्रांचा. ज्या गावची जत्रा मंडळी चुकवीत नाहीत तेथे जत्रेच्या एक-दोन दिवस पुढेमागे मुहूर्त पाहावा. जत्रेच्याच दिवशी मात्र नको. त्या दिवशी गावात ना माणूस मोकळा असतो ना भांडे.

तिथी ठरली की ती त्याच दिवशी आप्तांना कळवावी. छापील पत्रिकेसाठी थांबू नये. १ नोव्हेंबर २०२४ पासून रेल्वेचे आगाऊ आरक्षण प्रवासाच्या ६० दिवस आधी खुले होते. पूर्वी ही मुदत १२० दिवसांची होती. म्हणजे १० मेच्या लग्नासाठी ८ मेचे तिकीट हवे असेल तर ९ मार्चच्या सुमारास खिडकीशी उभे राहिले पाहिजे. मे महिन्यातील कोकणच्या गाड्या किती लवकर भरतात हे येथे कोणास सांगावयास नको. पत्रिका लग्नाच्या पंधरा दिवस आधी हाती पडते, तोवर सर्व जागा गेलेल्या असतात आणि पाहुण्याला दुप्पट-तिप्पट भाड्याच्या खासगी गाडीने यावे लागते. भ्रमणध्वनीवरून फेब्रुवारीअखेर धाडलेला एका ओळीचा निरोप सोनेरी पत्रिकेपेक्षा त्याच्या अधिक उपयोगाचा आहे.

निरोपात आणखी तीन गोष्टी असाव्या. पहिली, उतरावयाचे स्थानक कोणते आणि तेथून गाव किती दूर. सावंतवाडी रोड स्थानक मळगावात आहे, शहरात नाही. रत्नागिरीचे स्थानकही शहराबाहेर आहे. नवख्याला हे ठाऊक नसते. दुसरी, गाडीची तारीख. तुतारी एक्सप्रेस दादरहून मध्यरात्र उलटल्यावर सुटते. शनिवारी रात्री निघणाऱ्याच्या तिकिटावर रविवारची तारीख असावयास हवी. या एका चुकीपायी सबंध कुटुंबे मुहूर्ताला मुकलेली आम्हांस माहीत आहेत. तिसरी गोष्ट एस.टी.ची. १७ मार्च २०२३ पासून राज्यात स्त्रियांना एस.टी.चे अर्धे तिकीट पडते आणि ७५ वर्षांवरील वृद्धांना २०२२ पासून प्रवास विनामूल्य आहे. ज्या घरात बायकामाणसे आणि वृद्ध अधिक, त्यांना ही गाडी स्वस्त पडेल. एकाच उपनगरातून चाळीस-एक माणसे निघणार असतील तर आगारात प्रासंगिक करारावर सबंध गाडीही मिळते. तिचा आकार आधी विचारून माणशी भाग काढावा आणि रेल्वेच्या भाड्याशी ताडून पाहावा.

आता मुहूर्त. पुरोहिताकडून एकाच दिवसाचे दोन-तीन मुहूर्त मिळतात, त्यांतून निवड करताना घड्याळ पाहावे. रात्रीच्या गाडीचे पाहुणे पहाटे-सकाळी उतरतात. साठ माणसे आली, न्हाण्या चार आहेत आणि माणशी दहा मिनिटे धरली, तर सर्वांची स्नाने होण्यास अडीच तास लागतात. सकाळी नऊचा मुहूर्त असेल तर निम्मे वऱ्हाड पारोसेच अक्षता टाकील. गोरज मुहूर्त दिसावयास शोभिवंत. परंतु त्याने प्रत्येक पाहुण्याची एक रात्र वाढते. शंभर पाहुण्यांची एक रात्र म्हणजे शंभर अंथरुणे, शंभर जणांचे रात्रीचे जेवण आणि सकाळचा चहा-नाश्ता. साडेअकरा-बाराचा मुहूर्त असला की सकाळचा पाहुणा न्हाऊनमाखून बसतो, दुपारी जेवतो आणि संध्याकाळच्या गाडीने परत फिरू शकतो. मात्र वेळ पाळली पाहिजे. वरातीतील नाच आणि छायाचित्रकाराची आज्ञा यांपायी दोन तास गेले की पंगत चारला बसते आणि हातातला घास टाकून पाहुणे स्थानकाकडे धावतात. हा अन्नाचा आणि पाहुण्यांचा, दोहोंचा अपमान होय.

निवाऱ्यासाठी मोठा खर्च नको. ओटी, पडवी, शेजाऱ्यांची घरे, देवळाची धर्मशाळा, आणि सुट्टी असेल तर रीतसर परवानगीने गावची शाळा. शाळा घेतली तर ती घेतली तशी, किंबहुना अधिक स्वच्छ करून परत करावी, ही एका जुन्या शिक्षकाची विनंती. पाहुण्याला पलंग नको असतो. कोरडी सतरंजी, पंखा, रात्री दिवा लागणारा संडास आणि प्यावयास पाणी एवढे हवे असते. कोकणात मे महिन्यात माणशी चार लिटर पिण्याचे पाणी धरावे. शंभर माणसांना ४०० लिटर, म्हणजे वीस लिटरचे वीस जार. जेवणात वरण-भात, काळ्या वाटाण्याचे सांबार, वडे, एक भाजी, सोलकढी आणि एक गोड पदार्थ, एवढे असले म्हणजे पान भरते. किलोभर तांदळात आठ-नऊ माणसांचा भात होतो. दीडशे पानांना अठरा किलो पुरतात. पंचवीस पदार्थांच्या मेजवानीत उरते ते उकिरड्यावर जाते. प्रवासाने शिणलेल्या माणसाला वेळेवर मिळालेला गरम भात त्याहून गोड लागतो.

या सर्व व्यवस्थेसाठी एक वही घालावी, आम्ही तिला वऱ्हाडाचा हजेरीपट म्हणतो. नाव, माणसे किती, कोणत्या गाडीने, कोठे उतरणार, झोपणार कोठे, परत केव्हा, कोणाला पथ्य आहे काय, असे सात रकाने. ही वही यजमानाने स्वतःकडे ठेवू नये. घरातील एखाद्या कॉलेजात जाणाऱ्या मुलीकडे द्यावी. 'येणार का?' असे विचारणे आपल्याकडे अप्रशस्त मानतात. परंतु 'तुमची झोपण्याची सोय लावायची आहे, किती जण?' असे विचारले तर कोणालाही राग येत नाही. हजेरीपट भरला की एका गाडीने उतरणाऱ्या बारा जणांना एकच टेम्पो आणतो, बारा रिक्षा लागत नाहीत.

आता मानपान. पत्रिकेवर आपण छापतो, 'आपली उपस्थिती हाच आहेर'. आणि मांडवाच्या दारात आहेराची वही उघडून माणूस बसवितो. दोहोंपैकी एक खरे करावे. परगावच्या पाहुण्याने भाडे भरले तोच त्याचा आहेर झाला. तसेच आपणही त्याला टॉवेल, टोपी आणि खण देण्याचे सोडावे. तो टॉवेल कोणी अंग पुसावयास घेत नाही, तो खण कोणी शिवीत नाही. ते या लग्नातून त्या लग्नात फिरत असतात. आमच्या घरी एकदा आमच्याच हातचा खण तीन वर्षांनी परत आला. त्याचा प्रवास पाहुण्यांहून अधिक झाला असावा! देणेघेणे थांबविण्याचा आरंभ वरपक्षाने करावा. वधूपक्षाने केला तर त्याला कंजूषपणाचे नाव मिळते. हुंडा तर १९६१ च्या कायद्याने गुन्हाच आहे. तो मानपानाच्या पदराआडून घेतला तरी हुंडाच.

एक व्यवहाराची गोष्ट येथेच सांगून टाकतो. महाराष्ट्रात १९९८ च्या कायद्यानुसार विवाहाची नोंदणी ९० दिवसांत करावयाची असते आणि तिला तीन साक्षीदार लागतात. लग्न गावी, साक्षीदार मुंबईचे, आणि नोंदणीची आठवण महिन्याने झाली, तर तिघांना पुन्हा प्रवास घडतो. यास्तव ग्रामपंचायतीत आधी चौकशी करून कागदपत्रे जमवून ठेवावी आणि शक्यतो गावातलेच साक्षीदार घ्यावे.

या सर्वांवर एकच आक्षेप येतो, 'लोक काय म्हणतील?' याचे उत्तर काळाने एकदा दिले आहे. कोरोनाच्या साथीत २०२० साली लग्नाला ५० माणसांची मर्यादा आली. एप्रिल २०२१ मध्ये ती २५ वर आली आणि वेळ दोन तासांची. त्या दोन वर्षांत लागलेली लग्ने काही कमी पक्की ठरली नाहीत. लोकांनी नावे ठेवली नाहीत. परंतु त्या लग्नांत एक रुखरुख राहिली, तीही आम्ही सांगतो. कोणाचा काका नव्हता, कोणाची आजी नव्हती. फुले, रोषणाई आणि बँड नसल्याचे दुःख आज कोणालाही आठवत नाही. माणसे नसल्याचे आठवते. काटकसर कशात करावी आणि कशात करू नये, याचा याहून स्पष्ट पाठ आम्हांस ठाऊक नाही.

म्हणून ऋण काढून केलेल्या थाटाला आमचा जितका विरोध आहे, तितकाच माणसे गाळून केलेल्या काटकसरीलाही आहे. ज्यांना कोणत्याही उपायाने येता येत नाही, त्यांना यजमानाने आपण होऊन सांगावे, 'घरून अक्षता टाका, त्या आम्हांस पोचल्या.' त्यांच्या मनावरील भार उतरतो आणि नाते शाबूत राहते.

आता संस्थेपुढे तीन सूचना ठेवून आम्ही थांबतो. पहिली, संस्थेने शंभर सतरंज्या, चादरी आणि उशा घेऊन गावाकडे सोयीच्या ठिकाणी ठेवाव्या आणि माफक शुल्काने ज्ञातिबांधवांस द्याव्या. समाजाची भांडी एके काळी अशीच घरोघर फिरत. त्यांत कोणाला कमीपणा वाटला नाही. दुसरी, संस्थेच्या कार्यालयात विवाहतिथींची एक नोंदवही असावी. एकाच आठवड्यात तीन लग्ने निरनिराळ्या दिवशी आली तर आप्तांची त्रेधा उडते. आधी कळले तर ती लागोपाठच्या दोन दिवसांत बसवून एका भाड्यात उरकता येतील. तिसरी, गावी लग्न केल्यावर मुंबईत पुन्हा स्वागतसमारंभ करण्याची प्रथा वाढत आहे. त्याऐवजी याच वार्षिक संमेलनात वर्षभरातील सर्व नवदांपत्यांना एकत्र बसवून त्यांचे स्वागत करावे. ज्येष्ठ मंडळींचा आशीर्वाद एकाच वेळी मिळेल, चहा-फराळाचा खर्च वाटून जाईल, आणि संमेलनाची उपस्थिती वाढेल हा लाभ निराळाच.

'घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून' असे आपले पूर्वज म्हणत, ते त्यातील कष्ट जाणून. ते कष्ट कमी होतील किंवा नाही हे आम्ही सांगत नाही. परंतु ते दोन थैल्यांत न्यायाने वाटले जावेत एवढे आपल्या हाती आहे. येत्या हंगामात ज्यांच्या घरी कार्य आहे त्यांनी यादी लिहावयास बसण्यापूर्वी आपल्या मुलीच्या मामाला एकदा दूरध्वनी करावा, अशी विनंती आहे.